मुदत संपलेला पास आणि अटकावलेला डंपर : वाळू वाहतुकीच्या एका प्रकरणाचा अभ्यास

मुंबईत महसुली प्रकरणे चालवताना वाळूच्या गाड्यांची कामे आमच्याकडे वरचेवर येतात. त्यांतले एक प्रकरण येथे सविस्तर मांडत आहे. मालक, चालक, कार्यालय आणि पोलीस ठाणे यांची ओळख पटेल असे तपशील वगळले आहेत. तारखांचा क्रम, रकमा आणि मोजमापे मात्र प्रकरणात होती तशीच ठेवली आहेत. गाडी पकडली गेल्यावर पहिल्या आठवड्यात जे निर्णय घाईने घेतले जातात, त्यांचेच परिणाम पुढे महिनोन्‌महिने भोगावे लागतात, आणि त्या आठवड्यात मालकाला नेमके काय विचारायचे हेच ठाऊक नसते, म्हणून हे लिहिले आहे.

पार्श्वभूमी

मालक भांडुपचे. दहा चाकी डंपर एकच, तोही कर्जाचा. महिन्याचा हप्ता ५८ हजार रुपये. गुजरातमधून वाळू आणून उपनगरातल्या बांधकामांना पुरवायची, हा त्यांचा धंदा. मे २०२५ च्या शेवटच्या आठवड्यातील शुक्रवारी गाडी १६ टन वाळू घेऊन निघाली. चालकाजवळ गुजरातचा वाहतूक पास होता आणि महाराष्ट्रात येणाऱ्या परराज्यातील वाळूसाठी राज्य शासनाच्या महाखनिज या ऑनलाइन प्रणालीवर घ्यावा लागणारा झिरो रॉयल्टी पासही होता. या दुसऱ्या पासावर प्रवासाची मुदत सायंकाळी ६ पर्यंतची होती.

गुजरात सीमेवरचे अच्छाड ओलांडून गाडी दुपारी चारोटी आणि नंतर खानिवडे टोलनाक्यावरून पुढे आली. घोडबंदरजवळच्या वर्सोवा पुलाच्या अलीकडे तिला वाहतूककोंडीत साडेतीन तास थांबावे लागले. दहिसरला पोहोचेपर्यंत संध्याकाळच्या गर्दीच्या वेळी अवजड वाहनांवर असणारी प्रवेशबंदी सुरू झाली होती, त्यामुळे चालकाने गाडी रस्त्याकडेला लावून रात्र होण्याची वाट पाहिली. रात्री ११ वाजून ४० मिनिटांनी उपनगरातल्या एका चौकात महसूल पथकाने गाडी अडवली तेव्हा पासाची मुदत संपून पावणेसहा तास होत आले होते.

येथे एक गोष्ट स्पष्टपणे सांगितली पाहिजे. वाळूसारख्या गौण खनिजाबाबतचा कायदा कडक आहे, आणि तो तसा असण्यास कारण आहे. वाळूच्या बेसुमार उपशाने नद्यांचे तळ खचतात, काठ कोसळतात, आसपासच्या विहिरींचे पाणी खाली जाते. ठाणे-वसईच्या खाड्यांतल्या सक्शन पंपांनी काय केले, हे या पट्ट्यात राहणाऱ्याला सांगावे लागत नाही. दीपक कुमार विरुद्ध हरियाणा राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये पाच हेक्टरपेक्षा लहान क्षेत्रातील गौण खनिजासाठीही पर्यावरणीय मंजुरीचा आग्रह धरला तो याच काळजीपोटी. नदी ओरबाडून चोरीची वाळू नेणाऱ्याची बाजू मांडण्यात आम्हांला रस नाही. मात्र रीतसर वाळू आणताना वाटेत मुदत संपलेली गाडी आणि चोरीची गाडी यांना एकाच मापाने मोजले, तर पास घेऊन धंदा करणाऱ्यालाच पास घेण्यात अर्थ वाटेनासा होतो.

अडचण

रात्री सव्वा वाजता पंचनामा झाला. पंच म्हणून जवळच्या दोन इमारतींचे रखवालदार घेतले होते. विजेरीच्या उजेडात टेप लावून हौद्याची लांबी १४ फूट, रुंदी साडेसात फूट आणि वाळूची उंची ४ फूट नोंदवली गेली. गुणाकार ४२० घनफूट, म्हणजे ४.२ ब्रास. उंची मोजली ती ढिगाच्या माथ्यावर. हौद्याच्या कडांना वाळू बरीच खाली होती, पण ते कोठेही लिहिले गेले नाही.

पासाच्या रकान्यात "वैध पास सादर केला नाही" एवढेच वाक्य होते. चालकाने छापील पास प्लास्टिकच्या पाकिटातून काढून दाखवला होता. त्याच्या म्हणण्याप्रमाणे पथकातील तलाठ्यांनी तो बघून "मुदत गेली की राव" असे म्हणत परतही दिला होता. मग चालकाने सही केली. वाक्य खोटे नव्हते. पण "पास दाखवला, त्याची मुदत संपलेली होती" आणि "वैध पास सादर केला नाही" या दोन वाक्यांत लाखभर रुपयांचे अंतर आहे, हे चालकाला कळण्याचे कारण नव्हते.

गाडी जवळच्या पोलीस ठाण्याच्या आवारात नेऊन लावली गेली. शनिवार आणि रविवार सुट्टीचे गेले. मंगळवारी मालकाच्या हाती तहसीलदारांच्या सहीची नोटीस पडली. तीत तीन रकमा होत्या : ४.२ ब्रासच्या बाजारमूल्याची पाचपट, म्हणजे ब्रासला ६ हजार रुपये धरून १ लाख २६ हजार. स्वामित्वधनाचे (रॉयल्टीचे) २ हजार ५२०. आणि डंपर सोडण्यासाठी २ लाख. एकूण ३ लाख २८ हजार ५२० रुपये. शिवाय ब्रासला साडेचार टन असा हिशेब लावून ४.२ ब्रास म्हणजे १८.९ टन होतात, तेव्हा पासापेक्षा २.९ टन वाळू जादा आहे, असाही आरोप होता. म्हणजे मुदतीच्या दोषात आता चोरीचा वास मिसळला होता.

मालक आमच्याकडे आले ते बुधवारी. तोपर्यंत त्यांनी दोन गोष्टी करून ठेवल्या होत्या. एका ओळखीच्या माणसाच्या सल्ल्याने न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे गाडी सोडवण्याचा अर्ज तयार करून घेतला होता, आणि कार्यालयाबाहेर भेटलेल्या एका एजंटाच्या "तीनात सगळं मिटवतो" या बोलीला होकार देण्याच्या काठावर ते येऊन ठेपले होते. समोर बसल्यावर त्यांचे पहिले वाक्य होते, "वकीलसाहेब, पैसे भरतो, पण गाडी उद्या द्या."

कोणत्या पर्यायांचा विचार झाला

पहिला पर्याय सगळी रक्कम भरून मोकळे होण्याचा. वरवर तो सोपा वाटतो. परंतु नोटिशीतल्या तिन्ही रकमा एकाच कलमाखाली येत नाहीत. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८(७) खाली खनिजाच्या बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत दंड लावता येतो, आणि तो अधिकार जिल्हाधिकाऱ्यांनी प्राधिकृत केलेल्या तहसीलदारांनाही असतो. गाडीचा विषय कलम ४८(८) चा. त्या कलमाखाली गाडी अटकावता येते, पण अटकावलेली गाडी ४८ तासांच्या आत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेला, उपजिल्हाधिकाऱ्याहून कमी दर्जाचा नसलेला अधिकारी यांच्यापुढे हजर करावी लागते. विहित दंड आणि गाडीच्या बाजारमूल्याहून अधिक नसलेल्या रकमेचे वैयक्तिक बंधपत्र घेऊन गाडी सोडण्याचा अधिकार त्या अधिकाऱ्याचा आहे. तहसीलदारांच्या सहीने मागितलेले २ लाख भरले असते, तर ज्याला अधिकार आहे त्याचा आदेशच झाला नसता, आणि जादा वाळूचा आरोप मालकाने मान्य केल्यासारखे झाले असते. त्यांचा दुसरा डंपर घेण्याचा विचार होता. पुन्हा कधी गाडी अडवली गेली, तर ही नोंद समोर आली असती.

दुसरा पर्याय न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जाण्याचा. गाडी पोलीस ठाण्याच्या आवारात उभी आहे, म्हणजे ती पोलिसांच्या ताब्यात आहे, असे जवळपास प्रत्येक मालक धरून चालतो. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ आणि ५०३ खाली मुद्देमाल सोडवता येतो हे खरेच, पण त्यासाठी गाडी पोलिसांनी जप्त केलेला मुद्देमाल असावी लागते. आम्ही पोलीस ठाण्यात लेखी विचारणा केली. उत्तर आले की कोणताही गुन्हा दाखल नाही आणि गाडी केवळ सुरक्षेसाठी तहसील कार्यालयाच्या पत्रावरून ठेवून घेतली आहे. गुन्हा दाखल असता, तर चित्र वेगळे झाले असते. वाळूची चोरी आणि खनिज कायद्याचा भंग हे स्वतंत्र गुन्हे ठरू शकतात, असे सर्वोच्च न्यायालयाने दिल्ली राज्य विरुद्ध संजय या २०१४ च्या निकालात म्हटले आहे, आणि तशा प्रकरणात फौजदारी न्यायालयाचा रस्ताही चालावा लागतो. येथे मात्र तो अर्ज फेटाळला गेला असता आणि त्यात आठवडा गेला असता. अर्ज दाखल झालेला नव्हता. तो तसाच बाजूला ठेवला.

तिसरा पर्याय उच्च न्यायालयात रिट याचिकेचा. ४८ तासांत गाडी हजर केली नाही, हा मुद्दा आमच्या हाती होता. पण उन्हाळी सुट्टी सुरू होती. सुट्टीतील न्यायपीठापुढे तातडीची बाब म्हणून जाता आले असते, तरी याचिकेचा खर्च आणि वाट पाहण्याचे दिवस धरता तो मार्ग राखून ठेवावा असे आमचे मत पडले. न्यायालयाने पहिला प्रश्न बहुधा हाच विचारला असता की सक्षम अधिकाऱ्याकडे अर्ज केला आहे का. तो केलेला नव्हता.

चौथा पर्याय, जो घेतला गेला, तो असा : उपजिल्हाधिकारी दर्जाच्या उपविभागीय अधिकाऱ्यांकडे कलम ४८(८) खाली गाडी सोडण्याचा स्वतंत्र अर्ज द्यायचा, तहसीलदारांपुढे कलम ४८(७) च्या दंडावर स्वतंत्र खुलासा द्यायचा, आणि दोन्ही ठिकाणी ४८ तासांच्या मुदतीची हरकत लेखी नोंदवून ठेवायची. मालकाला हे पटवायला दोन तास लागले. प्रत्येक दिवसाला धंद्याचे नुकसान होत असताना "थांबा" असा सल्ला देणे अवघड असते, आणि ऐकणाऱ्याला तर तो वकिलाच्या सोयीचाच वाटतो. एजंटाला नकार कळवला तेव्हाही मालकांचा चेहरा साशंकच होता.

काय केले

सगळ्यांत महत्त्वाचे काम वजनाचे होते. वाळू अजून हौद्यातच होती आणि वर ताडपत्री होती. पास टनात, पंचनामा घनफुटांत, आणि दोहोंना जोडणारा साडेचार टनांचा आकडा सरसकट धरलेला. वाळू ओलसर असेल तर तिचे आकारमान कोरड्या वाळूपेक्षा पाव हिश्श्यापर्यंत फुगू शकते, हे बांधकामावरचा कोणताही सुपरवायझर सांगेल. म्हणजे तेवढ्याच वजनाची ओली वाळू टेपाला जास्त दिसते. हे युक्तिवादात सांगून भागले नसते. त्यासाठी काट्याची पावती लागणार होती.

गुरुवारी आम्ही अर्ज दिला की वाळू उतरवण्याआधी गाडीचे वजन महसूल प्रतिनिधीच्या समक्ष व्हावे आणि त्याचा खर्च मालक देतील. अव्वल कारकुनांनी अर्ज हातात घेऊन थोडा वेळ वाचला आणि म्हणाले, "अहो, असा अर्ज कुणी देत नाही." शुक्रवारी मंडळ अधिकाऱ्यांच्या उपस्थितीत गाडी काट्यावर चढली. एकूण वजन २६ हजार ७८० किलो. नोंदणी पुस्तकावरील रिकाम्या गाडीचे वजन १० हजार ९०० किलो. निव्वळ वाळू १५ हजार ८८० किलो, म्हणजे पासावरच्या १६ टनांपेक्षा १२० किलो कमी. सात दिवसांत पाणी निथळून वजन उतरले, असे म्हणायला जागा होती, पण त्यातून २.९ टनांचा फरक निघणे शक्य नव्हते. काट्याच्या पावतीवर मंडळ अधिकाऱ्यांची सही घेतली.

दुसरे काम वेळेचे. चारोटी आणि खानिवडे नाक्यांवरची फास्टॅगची नोंद बँकेच्या खात्यातून काढली. गाडीच्या जीपीएसचा नकाशा पुरवठादाराकडून शिक्क्यानिशी घेतला. त्यात वर्सोवा पुलाच्या अलीकडे साडेतीन तास जवळजवळ एकाच जागी असलेला ठिपका आणि नंतर दहिसरजवळचा थांबा स्पष्ट दिसत होता. गाडी वाटेत कोठेही रिकामी होऊन पुन्हा भरली नव्हती. मुदत संपलेल्या पासाबाबत अधिकाऱ्याला खरी शंका हीच असते की एकाच पासावर दुसरी खेप तर चालू नाही ना. ही शंका न्याय्य आहे. त्यामुळे तिच्यावर नाराजी दाखवण्यापेक्षा तिचे उत्तर कागदावर देणे अधिक उपयोगी पडले.

सुनावणी अटकावणीनंतर बाराव्या दिवशी झाली. उपविभागीय अधिकाऱ्यांनी कागद शांतपणे पाहिले. त्यांचा एकच प्रश्न टोकदार होता : "मुदत संपतेय हे चालकाला सहा वाजता कळलं, मग मालकाला कळवलं का?" कळवले नव्हते. चालकाने सांगितले, "शेठ झोपेत असतील वाटलं, रात्री फोन नाही केला," पण मुदत संध्याकाळी ६ ला संपली होती. येथे सारवासारव न करता आम्ही ते मान्य केले.

निकाल

चौदाव्या दिवशी आदेश निघाला. पास खरा असला तरी गाडी अडवली त्या क्षणी वाहतुकीला वैध परवाना नव्हता, म्हणून डंपरसाठी विहित असलेला २ लाखांचा दंड आणि गाडीच्या बाजारमूल्याइतके बंधपत्र घेऊन ती सोडावी, असा तो होता. ४८ तासांची हरकत नोंदवली गेली, पण तिच्यावर निष्कर्ष दिला गेला नाही. बाजारमूल्य म्हणून विमा पॉलिसीतील घोषित मूल्य, १४ लाख ६० हजार, मान्य झाले. हा तपशील छोटा वाटेल, पण नव्या गाडीची शोरूम किंमत धरली गेली असती, तर बंधपत्राचा आकडा दुपटीच्या घरात गेला असता.

मालकाने "हरकत व अपिलाचा हक्क राखून" असे पत्र देऊन ग्रास या शासकीय ऑनलाइन भरणा प्रणालीवर चलन भरले, पाचशे रुपयांच्या मुद्रांकावर बंधपत्र दिले, आणि सतराव्या दिवशी गाडी बाहेर आली.

कलम ४८(७) चे प्रकरण आणखी तीन आठवडे चालले. काट्याची पावती आणि टोलच्या नोंदी पाहून तहसीलदारांनी जादा वाळूचा आरोप वगळला. कायद्यातील शब्द पाचपटी"पर्यंत" असा आहे, दरवेळी पाचपटच लावावी असे बंधन नाही, हा आमचा मुद्दा त्यांनी स्वीकारला आणि साडेतीन ब्रासच्या बाजारमूल्याइतका, म्हणजे २१ हजार रुपयांचा दंड कायम केला. १ लाख २६ हजारांचे २१ हजार झाले ते एक वजनाची पावती आणि हा "पर्यंत" शब्द यांमुळे. वाळू मात्र शासकीय जागेत उतरवली गेली. ती परत मिळाली नाही, आणि ज्या बांधकामासाठी ती आणली होती, त्या ग्राहकाने तोपर्यंत दुसरा पुरवठादार धरला होता.

२ लाखांच्या आदेशावर अपील दाखल केले आहे. जिल्हाधिकाऱ्यांहून कनिष्ठ अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध अपिलाची मुदत ६० दिवसांची असते. आमचे अपील ४१ व्या दिवशी गेले. ४८ तासांत गाडी हजर न केल्याचा परिणाम काय, हा प्रश्न त्यात मुख्य आहे. हे लिहीत असताना ते प्रलंबित आहे.

काय वेगळे करता आले असते

सगळ्यांत आधी आमच्याच बाजूने. वजनाची मागणी आम्ही गुरुवारी केली. मालकाची चुलत बहीण आमच्या एका सहकाऱ्याच्या ओळखीची असल्याने रविवारीच फोन आला होता, पण "नोटीस येऊ द्या, मग बघू" असे उत्तर दिले गेले. ती चूक होती. सोमवारी सकाळी अर्ज गेला असता, तर नोटिशीत जादा वाळूचा परिच्छेद आलाच नसता, अशी दाट शक्यता आहे. नोटीस लिहिली जाण्याआधी दिलेला कागद आणि नंतर दिलेला कागद यांचे वजन सारखे नसते.

दुसरी गोष्ट पंचनाम्याची. चालकाला सही नाकारण्याचा सल्ला आम्ही कधीच देत नाही, त्याने वाद वाढतो. पण सहीखाली स्वतःच्या अक्षरात एक ओळ लिहिता येते : "पास दाखवला आहे, मुदत ६ वाजेपर्यंत होती, वाहतूककोंडीमुळे उशीर झाला." चालकाला मराठी नीट लिहिता येत नसेल तर हिंदीतही चालते. आणि तेही शक्य नसेल, तर मालकाने दुसऱ्या दिवशी सकाळी ईमेलने हेच कळवावे. या प्रकरणात मालक पहाटे अडीचला पोलीस ठाण्यात पोहोचले होते. तेथे त्यांनी चहा पाजला, विनवणी केली, पण कागदावर काहीच दिले नाही.

तिसरी गोष्ट, जिची आम्हांला आजही चुटपुट लागून राहिली आहे. गाडीतल्या वस्तूंची यादी पंचनाम्यात नव्हती आणि ती करून घेण्याचा आग्रह आम्ही धरला नाही. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या २००२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने जप्त वाहने ठाण्यात दीर्घकाळ सडत ठेवू नयेत, सविस्तर पंचनामा आणि छायाचित्रे घेऊन ती लवकर सोडावीत असे सांगितले. तो निकाल फौजदारी मुद्देमालाविषयी आहे. तरी छायाचित्रे आणि यादी यांचा धडा महसुली अटकावणीलाही तेवढाच लागू पडतो. सतराव्या दिवशी गाडी ताब्यात घेताना बॅटरी उतरलेली होती, डिझेलची टाकी जवळपास रिकामी होती, आणि मागच्या बाजूला साखळीने अडकवलेली स्टेपनी नव्हती. साखळी होती, कुलूपही होते. कडी कापलेली होती. ताबापावतीवर सही करण्यापूर्वी मालक ती कापलेली कडी हातात घेऊन बराच वेळ उभे राहिले. स्टेपनी गाडीला होती हे दाखवणारा एकही कागद आमच्याकडे नव्हता. शेवटी पावतीवर "स्टेपनी आढळली नाही" एवढे लिहवून घेतले.

मालकांनी नंतर केलेला बदल साधा आहे. सुरतकडून निघणारी खेप आता पहाटे भरली जाते, म्हणजे दहिसरची दुपारची वेळ सापडते. उशीर होणार असे दिसले, की चालक मुदत संपण्याच्या तासभर आधी फोन करतो, आणि गाडी मुंबईच्या हद्दीबाहेरच्या पार्किंगमध्ये थांबवून मालक पासाची व्यवस्था होईपर्यंत तिला पुढे येऊ देत नाहीत. त्यात एक खेप बुडते. ती बुडू द्यायची, असे त्यांनी ठरवले आहे.